लिलावात गेलेलं घर परत मागण्याआधी तारखांची वही करा

घराचा लिलाव झाला की पहिली धावपळ पैशांसाठी होते. दागिने मोडले जातात, नातेवाईकांकडून उसने आणले जातात, सगळी रक्कम घेऊन माणूस शाखेत जातो आणि तिथे कळतं की आता पैसे घेता येत नाहीत. कोर्टात न जाता गहाण मालमत्ता विकून वसुली करायची मुभा बँकेला देणाऱ्या सरफेसी कायद्याच्या कलम 13(8) मध्ये 2016 साली बदल झाला. खर्चासकट सगळी थकबाकी भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क आता लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच असतो. बाफना मोटर्सच्या प्रकरणात हायकोर्टाने लिलावानंतरही पैसे भरू दिले होते. 2023 साली सुप्रीम कोर्टाने तो निर्णय फिरवला. म्हणून नोटीस अजून छापून आली नसेल, तर हे वाचणं थांबवा आणि आधी पैशांची सोय करा.

विक्री होऊन गेली असेल, तर बँकेने नियम कुठे मोडला ते दाखवावं लागतं आणि ते तारखांवरून दिसतं. एक वही घ्या. 60 दिवसांची मागणी नोटीस (कलम 13(2)) कोणत्या तारखेची आहे, हातात कधी पडली, ते लिहा. पाकीट फेकू नका, कारण त्यावरचा टपालाचा शिक्का नोटिशीइतकाच कामाचा असतो. हरकत लेखी दिली असेल तर तिची पोच आणि बँकेचं उत्तर लावा. उत्तर 15 दिवसांत, कारणांसह यायला हवं. पुढे ताब्याची नोटीस. ती दारावर चिकटवलेली असते आणि 7 दिवसांत दोन वर्तमानपत्रांत छापावी लागते, त्यांतलं एक स्थानिक भाषेतलं. नुसतं कात्रण ठेवू नका, तारीख दिसणारं अख्खं पान ठेवा.

सगळ्यात जास्त वेळ विक्रीच्या कागदांना द्या, कारण बहुतेक चुका तिथेच सापडतात. पहिल्या लिलावाआधी कर्जदाराला 30 दिवसांची नोटीस मिळायला हवी, आणि जाहीर नोटिशीनंतरही 30 दिवस जायला हवेत. पहिला लिलाव फसला असेल तर पुढच्याला 15 दिवस पुरतात. राखीव किंमत मान्यताप्राप्त मूल्यांककाच्या अहवालावर ठरली का, आणि त्याहून कमी बोलीला तुमच्या संमतीशिवाय मंजुरी दिली का, हे तपासा. मग खरेदीदाराचे पैसे. 25 टक्के त्याच दिवशी किंवा फार तर पुढच्या कामाच्या दिवशी, उरलेले 75 टक्के विक्री कायम झाल्यापासून 15 दिवसांत. लेखी मुदतवाढ असली तरी तीन महिन्यांच्या पुढे नाही. हे भरणा-पुरावे बँकेकडे लेखी मागा. दिले नाहीत तर कर्जवसुली न्यायाधिकरणासमोर (डीआरटी) हजर करायला लावा. चटई क्षेत्र, गट नंबर, मजला, चतुःसीमा असं मालमत्तेचं वर्णन तुमच्या गहाणखताशी शब्दाला शब्द ताडून बघा.

दोन मुद्द्यांवर फार भिस्त ठेवू नका. गोव्यातल्या एका मोठ्या हॉटेलच्या प्रकरणात (2018) हरकतीला उत्तर आलं नाही, जमीन शेतीची आहे, असे दोन्ही मुद्दे कर्जदाराने मांडले. सुप्रीम कोर्टाने विक्री टिकवली. शेतजमिनीला या कायद्यातून सूट आहे खरी, पण नुसता सातबारा पुढे करून भागत नाही. तिथे शेती होते हे दाखवावं लागतं.

अर्ज डीआरटीत करायचा, दिवाणी कोर्टात नाही. ज्या कारवाईविरुद्ध दाद मागायची तिच्यापासून 45 दिवसांत. राज्यात डीआरटी मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहे. फी थकबाकीवर ठरते: पहिल्या 10 लाखांना 5,000 रुपये आणि पुढच्या प्रत्येक लाखाला 250, म्हणजे 18 लाखांच्या मागणीला 7,000. लिलावातल्या खरेदीदाराला पक्षकार करायला विसरू नका, नाहीतर मिळालेला आदेश त्याला लागू करताना अडचण येते. अर्जासोबतच स्थगितीची मागणी करा आणि काही रक्कम भरायची तयारी ठेवा, कारण स्थगिती बहुधा अटीवरच मिळते. त्याच आठवड्यात दुय्यम निबंधकाकडून सूची क्रमांक 2 (नोंदलेल्या व्यवहाराचा उतारा, इंडेक्स टू) काढा. विक्री दाखला नोंदला गेला का, घर पुढे विकलं गेलं का, हे तिथे दिसतं. डीआरटीत हरलात तर अपील 30 दिवसांत, आणि त्यासाठी थकबाकीच्या 50 टक्के भरावे लागतात; ते 25 पर्यंत कमी होऊ शकतात. हा पैसा आधीच बाजूला काढा.

कर्ज पतसंस्थेचं असेल आणि वसुली सहकार कायद्याच्या वसुली दाखल्यावर झाली असेल, तर रस्ता निराळा आहे. राज्याच्या सहकारी संस्था नियमांतल्या नियम 107 प्रमाणे विक्रीपासून 30 दिवसांत थकबाकी, खर्च आणि खरेदीदारासाठी किमतीच्या 5 टक्के रक्कम भरली, तर विक्री रद्द करून घेता येते. सहकारी बँक मात्र सरफेसीही वापरू शकते, म्हणून नोटिशीवर कुठलं कलम आहे ते आधी वाचा.

घर परत मिळालं नाही तरी बोलीतून थकबाकी आणि खर्च वजा जाऊन उरलेली रक्कम तुमची असते. तिचा हिशेब लेखी मागा, आणि ताब्याच्या वेळी आत राहिलेल्या सामानाच्या यादीची प्रतही.