द लाँग डार्कमध्ये शिकार: बाण सोडायच्या आधी चूल कुठे ते ठरवा

द लाँग डार्क हा व्हिडिओ गेम नवीन खेळणारी माणसं उपाशीपोटी मरतात त्यापेक्षा जास्त मटण मिळाल्यावर मरतात असं माझं ठाम मत आहे. म्हणजे होतं काय, घरांमधली डबाबंद बीन्स, पीच, चॉकलेटं संपतात, मग कुठूनतरी रायफल सापडते, समोर हरीण दिसतं, गोळी लागते, हरीण पडतं आणि आनंदाच्या भरात माणूस तिथेच बर्फात गुडघे टेकून सोलायला बसतो, अर्ध्या तासात वारा सुटतो, अंगातली ऊब जाते, मटणाच्या वासाने लांडगा येतो आणि गेम संपतो. हरीण मारण्यात काही चुकलं नव्हतं, पण मारल्यावर काय करायचं ते ठरलेलंच नव्हतं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. हा कॅनडाच्या हिंटरलँड स्टुडिओचा गेम आहे, २०१४ मध्ये अर्ली ॲक्सेसमध्ये (म्हणजे पूर्ण व्हायच्या आधीच विक्रीला) आला आणि २०१७ च्या ऑगस्टमध्ये पूर्ण रिलीज झाला. उत्तर कॅनडातलं ग्रेट बेअर नावाचं काल्पनिक बेट, कायमचा हिवाळा, झॉम्बी नाहीत, दुसरे प्लेयर नाहीत, फक्त थंडी, भूक, तहान, थकवा आणि जनावरं. खाली लिहितोय ते सगळं सर्व्हायव्हल मोडबद्दल आहे, म्हणजे जिथे गोष्ट नाही, फक्त जमेल तितके दिवस जगायचं. एकदम नवीन असाल तर आधी पिलग्रिम या सगळ्यात सोप्या पातळीवर खेळा, तिथे लांडगे आणि अस्वलं आपणहून अंगावर येत नाहीत, त्यामुळे सोलणं, शिजवणं, साठवणं शांतपणे शिकता येतं. इंटरलोपर या फार कठीण पातळीवर बंदूकच मिळत नाही, तिकडे एवढ्यात जाऊ नका.

सुरुवात सशापासून करा, आणि सशाला कमी लेखू नका. बर्फात छोटे दगड पडलेले असतात, चार-पाच उचलून ठेवा. ससा दिसला की खाली वाका, हळू सरका, तो थांबला की दगड नेम धरून मारा. दगड लागला की ससा मरत नाही, फक्त सुन्न होतो, तेव्हा लगेच धावत जाऊन उचलायचा आणि मान मुरगळायची, उशीर केला तर उठून पळतो. हे बघायला काहींना नको वाटतं, मलाही पहिल्यांदा कसंतरी झालं होतं, पण गेम ते लपवत नाही आणि ते बरोबरच आहे. दुसरा मार्ग फाशांचा. सुकवलेलं आतडं आणि लाकूड घेऊन वर्कबेंचवर फासा बनवता येतो, ससे फिरतात त्या जागी तीन-चार लावून ठेवायचे आणि दुसऱ्या दिवशी चक्कर मारायची. बेटाच्या मिस्ट्री लेक नावाच्या भागात ट्रॅपर्स केबिनच्या आसपास ससे असतात, तिथे बस्तान मांडलं तर फासे दारातच लागतात. सशात मटण किलोभराच्या आसपासच असतं पण तो अख्खा उचलून घरी नेता येतो आणि आत, चुलीजवळ सोलता येतो. बाहेर थंडीत बसावंच लागत नाही. नवीन माणसाला हा फायदा हरणाच्या आठ-दहा किलोंपेक्षा मोठा आहे.

आता हरीण. हरीण तुम्हाला बघून पळतं, हल्ला करत नाही, त्यामुळे धोका हरणाचा नाही, आजूबाजूच्या लांडग्यांचा आहे. म्हणून बाण किंवा गोळी सोडायच्या आधी मी एक गोष्ट कटाक्षाने करतो, आजूबाजूला बघून ठेवतो की शेकोटी कुठे पेटेल. मोठा खडक, गुहेचं तोंड, पडक्या घराची भिंत, काहीही चालेल जिथे वारा अडतो. उघड्या पठारावर हरीण पाडलं आणि वाऱ्याने शेकोटी विझली तर सगळं मुसळ केरात. खिशात काडेपेटी, ढलपी आणि निदान तीन-चार लाकडं नसतील तर त्या दिवशी शिकारीला निघूच नका, बाहेर नुसतं फिरून या.

धनुष्य वापरत असाल तर हे लक्षात ठेवा की बाण लागला म्हणजे जनावर जागेवरच पडेल असं नाही. बरेचदा ते रक्त सांडत पळतं आणि लांब जाऊन मरतं. अशा वेळी मागे धावायचं नाही, धावलं की तुमच्या कॅलरी जळतात आणि भलत्याच दिशेला भरकटायला होतं. बर्फावरचे रक्ताचे थेंब बघत चालत जा, आणि वर आकाशात कावळे घिरट्या घालताना दिसले तर खाली काहीतरी मेलेलं पडलंय हे नक्की. धनुष्यासाठी मेपलचं रोपटं आणि आतडी लागतात, बाणासाठी बर्चची काडी, कावळ्याची पिसं आणि भट्टीवर ठोकलेलं टोक, यातली रोपटी आणि आतडी घरात सुकवायला दिवस जातात, म्हणून पहिल्या आठवड्यातच रोपटी तोडून जमिनीवर टाकून ठेवा. आतडी आणि कातडीसुद्धा अशीच घरात जमिनीवर पसरून ठेवायची, पिशवीत ठेवली तर सुकत नाहीत.

बंदूक नाही, बाण नाहीत, तरी हरणाचं मटण मिळवण्याची एक युक्ती आहे. लांडगा दिसला आणि जवळपास हरीणही असेल तर हरणाच्या मागच्या बाजूने जाऊन त्याला लांडग्याकडे हुसकवा. लांडगा हरीण पाडतो, मग पेटती मशाल घेऊन पुढे व्हायचं, तो बाजूला होतो आणि शिकार तुमची. मशाल शेकोटीतूनच काढता येते, म्हणजे परत शेकोटीच.

सोलताना काय होतं ते नीट समजून घ्या कारण इथेच वेळ जातो. आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यामुळे शिकारीला बंदी आहे, मग ससा असो की भेकर, त्यामुळे आपल्यातल्या बहुतेकांना अख्खं जनावर सोलायला किती वेळ लागतो याचा अंदाज नसतो आणि गेममध्ये घड्याळ पुढे सरकलेलं बघून धक्का बसतो. ताजं मारलेलं जनावर ऊबदार असतं तेव्हा काम पटकन होतं, तासागणिक ते गोठत जातं आणि एकदा अर्ध्याहून जास्त गोठलं की नुसत्या हातांनी काहीच निघत नाही, सुरी किंवा कुऱ्हाड लागते. शेकोटी जनावराच्या अगदी शेजारी पेटवली की तीन कामं एकदम होतात. तुम्हाला ऊब मिळते, गोठलेलं जनावर हळूहळू सैल होतं आणि लांडगे जवळ येत नाहीत. चौथं काम म्हणजे काढलेलं मटण तिथल्या तिथे शिजवता येतं. सगळं एकदम काढायला जाऊ नका, गेम विचारतो किती किलो काढायचं, तेव्हा थोडं थोडं काढा, मधेमधे थांबून आभाळ बघा, शेकोटीत लाकूड घाला. आधी मटण, मग आतडी, कातडं शेवटी, कारण वादळ आलं तर पोटाचं तरी झालेलं असतं.

वासाचं गणित सगळ्यात महत्त्वाचं. कच्चं मटण, ताजी आतडी, ताजं कातडं यातलं काहीही पाठीवर असलं की स्क्रीनवर वासाच्या रेषा दिसतात, जास्तीत जास्त तीन. तीन रेषा असताना लांडग्याला तुमचा पत्ता फार लांबून लागतो. शिजवलेल्या मटणाचाही वास येतो पण कच्च्यापेक्षा कमी, म्हणून शक्य तेवढं जागेवर शिजवून निघा आणि आतडी, कातडं वेगळ्या फेरीत न्या. घर लांब असेल तर उरलेलं बर्फातच टाकून ठेवा, बाहेरच्या थंडीत मटण घरातल्यापेक्षा कितीतरी हळू खराब होतं. नवीन लोक सगळं घरात आणून कपाटात भरतात आणि मग ते वाया जातं. घराच्या दाराबाहेर ठेवा, तोच तुमचा फ्रीज. आणि वाटेत लांडगा मागे लागलाच तर मटणाचा एक तुकडा खाली टाका, तो तिकडे वळतो आणि तुम्हाला निघायला वेळ मिळतो. एका तुकड्यासाठी जीव अडकवू नका.

शिजवणं सोपं आहे पण लक्ष द्यावं लागतं. शेकोटीच्या कडेच्या दगडावर मटणाचा तुकडा ठेवायचा, वर गोल भरत जातो, तयार झालं की उचलायचं, विसरलात की जळतं. शेकोटीवर जागा मोजक्याच असतात, त्यामुळे एकीवर मटण आणि दुसरीवर डब्यात बर्फ वितळत ठेवा, पाण्यासाठी वेगळं सरपण जाळू नका. तुकडे छोटे काढले तर शिजवण्याचं कौशल्य लवकर वाढतं, कारण मोजलं जातं ते किती वेळा शिजवलं, किती किलो ते नाही. कौशल्य वाढलं की त्याच मटणातून कॅलरी जास्त मिळतात आणि वेळही कमी लागतो. स्वयंपाकाचं पुस्तक कुठे सापडलं तर सरपण म्हणून जाळू नका, आधी वाचा. आणि कच्चं मटण खाऊ नका, कितीही भूक लागली तरी. विषबाधा झाली तर अँटिबायोटिक किंवा रेशी मशरूमचा चहा लागतो आणि वर दहा तास झोप, तेवढ्यात बाहेर काय काय निसटून जातं.

आता लांडगा आणि अस्वल, यांच्याबद्दल मी जरा जास्त लिहिणार आहे. गेममध्ये ससा, हरीण, मूस (हरणाच्याच कुळातलं अवाढव्य जनावर) यांचं शिजवलेलं मटण बिनधास्त खा. लांडगा आणि अस्वल मांस खाणारे, त्यांचं मटण शिजवून खाल्लं तरी पोटात जंत होण्याचा धोका असतो. पहिल्या तुकड्याला तो धोका अगदी कमी असतो, पण लागोपाठ खात गेलात की प्रत्येक तुकड्याला वाढत जातो. जंत झाले तर रोज एक डोस असे दहा दिवस औषध, आणि तोवर तब्येत आणि दम दोन्ही पडलेले. म्हणून लांडग्याचं मटण मधूनच एखाद्या वेळेला खा, त्यानंतर थांबा, धोक्याची खूण गेली की पुढचं. शिजवण्याचं कौशल्य पाचव्या लेव्हलला गेलं की शिजवलेल्या मटणाची ही भीती जाते, आणि मग एक अस्वल म्हणजे कितीतरी दिवसांची बेगमी.

हे गेमवाल्यांनी उगाच घातलेलं नाही. ट्रायकिनेला नावाचे जंत खरंच अस्वलाच्या मांसात असतात आणि थंड प्रदेशातल्या काही जाती तर गोठवूनही मरत नाहीत. २०२२ मध्ये कॅनडातल्या सस्कॅचेवानमधून आणलेलं अस्वलाचं मांस अमेरिकेत एका कुटुंबाने कबाब करून खाल्लं, ते ४५ दिवस फ्रीझरमध्ये होतं, पण मांस काळपट असल्याने आत कच्चं राहिलंय हे कळलं नाही आणि सहा जण आजारी पडले, त्यातल्या दोघांनी तर मांस खाल्लंच नव्हतं, फक्त त्याच्यासोबत शिजलेल्या भाज्या खाल्ल्या होत्या. फरक एवढाच की खऱ्या आयुष्यात मांस आतपर्यंत नीट शिजलं, ७४ अंश सेल्सिअसपर्यंत, की जंत मरतात, गेममध्ये मात्र शिजवूनही धोका राहतो. सशाच्या बाबतीत उलट आहे, गेममध्ये कॅलरी म्हणजे कॅलरी, सशांवर महिनोन् महिने निघतात, पण प्रत्यक्षात सशाच्या मांसात चरबी इतकी कमी असते की नुसते ससे खाऊन माणूस पोट भरलेलं असतानाही खंगत जातो, उत्तरेकडच्या फिरस्त्यांना हे चांगलं ठाऊक होतं. गेममध्ये आता स्कर्व्ही, म्हणजे क जीवनसत्त्व कमी पडल्याने होणारा आजारसुद्धा आहे, तेव्हा नुसत्या मटणावर राहू नका, रोझहिपचा (रानगुलाबाच्या फळांचा) चहा करत जा.

अस्वल मारायचं तर उघड्यावर उभं राहून कधीच नाही. पाठीशी असं दार किंवा गुहेचं तोंड हवं की गोळी झाडली की लगेच आत जाता येईल, कारण आत शिरताना लोडिंगचा स्क्रीन येतो अशा जागेत अस्वल मागे येत नाही. आत थोडा वेळ काढा, ते रक्त सांडत फिरतं आणि कुठेतरी पडतं, मग रक्त आणि कावळे बघत शोधा. मूस लांडग्यासारखा मागे लागत नाही पण जवळ गेलात तर तुडवतो आणि बरगड्या मोडतात, त्या भरायला बरेच दिवस जातात. पण मूसचं मटण भरपूर, जंताची भीती नाही आणि कातड्याची पिशवी केली की पाच किलो जास्त उचलता येतं, म्हणून संधी मिळाली तर सोडू नका.

एवढं मोठं जनावर पडलं की सगळं घरी न्यायच्या नादात तीस किलोची मर्यादा ओलांडू नका, ओझ्याने चाल मंदावते आणि थकवा चढतो. त्यापेक्षा बिछाना घेऊन जनावराजवळच्या गुहेत दोन-तीन दिवस मुक्काम टाका. शेकोटी जास्तीत जास्त बारा तासांची भरता येते, ती भरून झोपा, उठून शिजवा, खा, परत भरा. रोज पोटभर खात राहिलात तर तीन दिवसांनी वेल फेडचा (पोट भरलेलं ठेवल्याचा) बोनस लागतो, त्याने पाच किलो जास्त उचलता येतं, आणि नेमकं तेव्हाच उरलेलं शिजवलेलं मटण घेऊन घराकडे निघायचं.