रेड डेडमध्ये मोठं जनावर मारायचं कसं आणि शिजवायचं कसं

भाचा पुण्याहून दिवाळीला आला की पहिले दोन दिवस माझ्या व्हिडिओ गेमच्या कन्सोलसमोरून उठत नाही. यंदा ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या आमच्या घरात पाय टाकल्या टाकल्या म्हणाला, "मावशी, रेड डेडमध्ये मला एक कातडं धड मिळत नाही. तीन स्टारचं हरीण मारतो आणि हातात फाटकं चामडं येतं." म्हटलं, खेळून दाखव. त्यानं घोडा चौखूर सोडला, थेट कळपात घातला आणि पळत्या हरणावर रिपीटर बंदुकीच्या पाच गोळ्या झाडल्या. हरीण पडलं. कातडं कसलं, चाळण झाली होती त्याची.

मग दोन संध्याकाळी शेजारी बसून त्याला जे शिकवलं, तेच इथे लिहिते आहे. रेड डेड रिडेम्प्शन २ हा खेळ मी २०१९ पासून खेळते. त्याचा नायक, दरोडेखोरांच्या टोळीतला आर्थर मॉर्गन, त्याची गोष्ट तीनदा संपवली, तरी अजून रात्री स्वयंपाकघर आवरलं की तासभर नुसती शिकारीला जाते.

शिकारीचं हे वेड नानांकडून आलं. नाना म्हणजे माझे आजोबा. तरुणपणी ते शिवपुरीच्या जंगलात हाक्याला जात. तेव्हा ते शिंदे सरकारांचं शिकारीचं रान होतं, आज तिथे माधव राष्ट्रीय उद्यान आहे. नानांनी स्वतः बंदूक कधी चालवली नाही. ते डबे वाजवत, झुडपं झोडपत चालणाऱ्यांतले. पुढे १९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आला, त्याचा त्यांना मनापासून आनंद झाला होता. पण जनावराबद्दल ते जे सांगत, ते माझ्या कानात बसलं आहे. "जनावर आधी नाकानं बघतं, मग कानानं, डोळ्यानं सगळ्यात शेवटी." खेळात हे अक्षरशः खरं आहे.

म्हणून सुरुवात वाऱ्यापासून करा. कंट्रोलरच्या दोन्ही काड्या एकदम दाबल्या की ईगल आय सुरू होतं. रंग फिके पडतात आणि जनावराचा माग उजळून दिसतो. बहुतेक जण तेवढंच बघतात. आर्थरच्या अंगाभोवती धुराच्या बारीक रेघा वाहताना दिसतात त्या बघा. त्या जिकडे जातात तिकडे तुमचा वास जातो. रेघा सावजाकडे जात असतील तर पुढे जाण्यात अर्थ नाही, वळसा घालून पलीकडून या. भाच्याला ह्या वळशाचा फार कंटाळा. वास झाकायचं लोशन मिळतं, ते लावलं तरी चालतं, पण मी वळसाच घेते. वळसा घेताना रान नीट दिसतं, आणि अशा वेळी कधी कधी दुसरंच मोठं जनावर समोर येतं.

घोड्यावरून उतरताना बंदुकीकडे लक्ष द्या. लांब नळीच्या बंदुका खोगिरालाच राहतात. घोड्याजवळ उभं राहून हत्यारांच्या चक्रातून रायफल निवडून घेतली नाही, तर आर्थर कमरेच्या रिव्हॉल्व्हरवरच पुढे जातो. पहिल्या वर्षी मी अशीच ओक्रेग्ज रनच्या तळ्याकाठी ग्रिझली अस्वलासमोर जाऊन उभी राहिले. अस्वल मागच्या पायांवर उठलं, मी रायफल काढायला गेले आणि हातात आलं रिव्हॉल्व्हर. पुढचं सांगत नाही. आता उतरण्यापूर्वीच रायफल घेते, मग घोड्याला तिथेच थांबवते.

आता स्टारचं गणित, कारण भाच्याचं घोडं इथेच अडलं होतं. दुर्बिणीतून जनावर बघितलं की त्याची प्रत दिसते, एक ते तीन स्टार. ही जनावराची मुळातली प्रत, ती वाढत नाही. तीन स्टारच्या जनावरालाच परफेक्ट कातडं असतं, आणि तेही योग्य हत्यारानं, एका नेमात पडलं तर. दुसरी गोळी लागली, बंदूक चुकीची निघाली, की प्रत खाली. म्हणून दुर्बीण आधी, रायफल नंतर. एक किंवा दोन स्टार दिसले तर मी त्याला जाऊ देते. नुसतं मांस हवं असेल तर स्टार बघायचं कारण नाही, पण मांसापुरतं तर कुठलंही हरीण पुरतं. दुर्बिणीतून थोडा वेळ रोखून बघत राहिलात तर जनावराचा अभ्यास पूर्ण होतो आणि कोणत्या हत्यारानं मारायचं तेही नोंदवहीत येतं.

मोठ्या जनावराला, म्हणजे अस्वल, बायसन, एल्क आणि मूस यांना, रायफलच. स्प्रिंगफील्ड चालते, बोल्ट ॲक्शन चालते, लांबून मारायचं तर दुर्बीण लावलेली रोलिंग ब्लॉक. हरणाला धनुष्यबाण उत्तम, आवाज होत नाही आणि कळप लांबवर उधळत नाही. शॉटगन आणि स्फोटक गोळ्या शिकारीत विसरा. सशाला आणि रकूनला वार्मिंट रायफल लागते, त्यावर जास्त लिहीत नाही, मोठ्या जनावरांचाच विषय आहे.

बायसन कसा मारायचा ते सविस्तर सांगते, कारण तो जमला की बाकीचे जमतात. व्हॅलेंटाईन गावाच्या दक्षिणेला हार्टलँड्सचा मोठा माळ आहे, तिथे कळप चरतात. पश्चिमेला वेस्ट एलिझाबेथमध्ये ग्रेट प्लेन्सवरही असतात. हार्टलँड्सला जा, पहाटे जा. गवत गुडघ्यापर्यंत असतं, त्यावर धुकं. कळप दिसला की दीडएकशे पावलांवर घोडा सोडा आणि वाकून चालायला लागा. बायसन लगेच पळत नाही. मान खाली घालून चरतो, मधेच थांबतो, शेपटी हलवतो. तुम्हीही थांबा. दुर्बिणीनं एकेक तपासा. तीन स्टारचा सापडला की त्याची बाजू तुमच्याकडे येईपर्यंत वाट बघा.

नेम धरताना आणखी एक खोच आहे. नेम धरायचा डावा ट्रिगर दाबला की खेळ आपोआप जनावराच्या धडावर नेम लावून देतो. तिथेच गोळी सोडली तर बायसन जखमी होऊन पळतो आणि कातडं गेलं. उजवी काडी अगदी हलकी वर सरकवून नेम डोक्यावर न्यायचा. डोकं खाली असेल तर नेम धरूनच हाक मारायची सोय आहे, आर्थर आवाज काढतो आणि जनावर क्षणभर मान वर करून तुमच्याकडे बघतं. तो क्षण तुमचा. डेड आय, म्हणजे नेमासाठी वेळ मंद करायची शक्ती, शिल्लक असेल तर ती वापरा, श्वास सोडल्यासारखं बोट दाबा. जनावर जागेवर बसतं. भाच्याला पहिल्यांदा हे जमलं तेव्हा तो काही बोलला नाही, कंट्रोलर मांडीवर ठेवून पडद्याकडे नुसता बघत राहिला. मला फार बरं वाटलं.

अशा वेळी मला एक गोष्ट आठवते आणि ती मुलांना सांगावीशी वाटते. खेळातलं वर्ष १८९९ आहे. अमेरिकेच्या मैदानांवर बायसन पूर्वी कोट्यवधी होते, चामड्यासाठी आणि केवळ मारायचं म्हणून ते इतके मारले गेले की १८८० च्या दशकाच्या शेवटी सारे मिळून हजाराच्या आसपास उरले होते. दुसऱ्या अध्यायात टोळीतल्या चार्ल्स स्मिथबरोबर बायसनच्या शिकारीला गेलात तर वाटेत नुसतेच मारून टाकलेले बायसन दिसतात. चार्ल्सचा संताप त्यावेळी नीट ऐका. मी एका फेरीत एकच बायसन मारते.

एल्कसाठी कंबरलँड फॉरेस्टकडे जा. मूस मात्र दुर्मीळ, उत्तरेकडे चिकाटीनं हिंडावं लागतं. मूसला जायच्या आधी मेनूत जाऊन हातानं सेव्ह करा. ग्वाल्हेरात उन्हाळ्यात वीज कधी जाईल ते सांगता येत नाही. मागच्या मे महिन्यात तीन रात्री शोधून एक तीन स्टारचा बुल मूस पाडला, सोलायला वाकले आणि पडदा काळा. इन्व्हर्टर तेवढ्यापुरता जोडलेला नव्हता. दुसऱ्या दिवशी दुपारी कन्सोलला इन्व्हर्टरची लाईन ओढून घेतली.

बायसन, अस्वल, एल्क, मूस ही जनावरं घोड्यावर उचलून टाकता येत नाहीत, फार मोठी. ती जागेवरच सोलायची. कातडं खांद्यावर येतं, ते घोड्याच्या पाठीवर मागे टाकायचं. हरीण मात्र अख्खं उचलता येतं, पण वेळ गेला की मढं सडत जातं आणि किंमत उतरते. सोललेलं कातडं सडत नाही. कातडं किंवा मढं पाठीवर असलं की लांडगे मागावर येतात, तेव्हा रात्री दाट रानातून नेऊ नका. घोडा मेला की कातडंही गेलं. तिथून थेट ट्रॅपरकडे. खाटीकही विकत घेतो, पण चांगली कातडी मी ट्रॅपरलाच देते, कपडे तोच शिवून देतो.

घाई करायची नाही म्हणतात त्याला अपवाद पिअर्सनचा, म्हणजे टोळीच्या स्वयंपाक्याचा. तळावर टोळीचा म्होरक्या डच याच्या वहीतून चामड्याच्या कामाची हत्यारं आधी विकत घ्या, मग पिअर्सन झोळ्या शिवून देतो. त्यासाठी मात्र परफेक्ट कातडी लवकर जमवायला लागा. अन्नाच्या झोळीला हरीण, बायसन आणि रकून लागतं. औषधांच्या झोळीला हरीण, नर हरीण आणि एल्क. सगळ्या झोळ्या झाल्या की शेवटची मोठी मिळते, तिला हरीण, लांडगा आणि कूगर, आणि तिच्यात प्रत्येक वस्तू ९९ पर्यंत मावते. शिकार करणाऱ्याला याहून उपयोगाची दुसरी वस्तू नाही, कारण शिजवलेलं मांस ठेवायला जागा पाहिजे.

टोळीतल्या होझियाबरोबर ज्या प्रचंड अस्वलाच्या मागावर जाता, त्याचं खेळातलं नाव भारती ग्रिझली. आमच्या ओळखीत भारती आडनावाचं एक कुटुंब आहे, त्यामुळे नाव वाचून मला एकदम आपल्या माणसांत आल्यासारखं वाटलं. अशा दंतकथेतल्या जनावरांना स्टार नसतात. आधी ईगल आयनं खुणा शोधा, मग जनावर दिसतं. त्यांचं कातडं वाटेत हरवलं तरी ट्रॅपरकडे आपोआप पोचतं, ती एक काळजी नाही.

आता स्वयंपाक. गावापासून दूर तळ ठोका, शेकोटी पेटते. आर्थर मांडी घालून बसतो, सुरीच्या टोकाला मांसाचा तुकडा खोचतो आणि जाळावर धरतो. चरबी आगीत पडल्याचा चर्र आवाज येतो, कच्चा लाल रंग हळूहळू तांबूस होतो. हे बघताना मला आजीची अंगणातली कोळशाची शेगडी दिसते. ती जाळावर कधी भाजायची नाही, निखारे पांढरे पडायची वाट बघायची. आर्थरला तेवढा धीर नाही.

कोणत्या जनावराचं कोणतं मांस ते लक्षात ठेवा. हरीण, एल्क, मूस यांचं व्हेनिसन. बायसनचं बीफ. अस्वलाचं बिग गेम, म्हणजे खास मोठ्या शिकारीचं. साधं भाजलं तर थोडी ताकद येते. पण वनस्पती लावली तर फरक पडतो. मांसाला लावायच्या तीन मिळतात, ओरेगॅनो, थाईम आणि रानपुदिना. ईगल आयमध्ये झाडं उजळतात, तेव्हा जनावर शोधता शोधता तोडत चला. रानपुदिना दिसला की मी तर घोडा थांबवतेच. अस्वलाच्या मांसाला पुदिना लावून शिजवलं की तब्येत, दम आणि डेड आय तिन्ही कोअर, म्हणजे त्यांचे साठे, भरतात, आणि त्यांच्या कडा सोन्यासारख्या होतात. मोठ्या मारामारीच्या मिशनच्या आधी एक तुकडा खाल्ला तर टॉनिक वाचतात.

सगळंच शिजवून एका बैठकीत खाऊ नका. आर्थरचं वजन खरोखर वाढतं, पोट सुटतं आणि दम कमी पडतो. दहा-बारा तुकडे पुदिना लावून झोळीत ठेवा, उरलेलं कच्चं मांस तळावर पिअर्सनला द्या. तो रस्सा करतो, सगळी टोळी जेवते, आणि तुम्हीही वाडगाभर घ्यायचा.

भाचा परवा पुण्याला गेला. काल रात्री त्यानं पडद्याचा फोटो पाठवला. हार्टलँड्सचा माळ, एक बायसन, तीन स्टारचं कातडं, आणि खाली लिहिलेलं, "मावशी, वळसा घेतला." त्याला आता पुदिना किती जमवला ते विचारायचं आहे.