याचिका ‘निष्फळ’ ठरते ती कशामुळे? नोकरीच्या प्रकरणांत या चुका टाळा

निलंबनाविरुद्धची याचिका काही वर्षांनी बोर्डावर येते. सरकारी वकील उठून सांगतात, निलंबन केव्हाच मागे घेतलंय, आता यात काही उरलेलं नाही. दोन मिनिटांत याचिका ‘इन्फ्रक्चुअस’, म्हणजे निष्फळ, म्हणून निकाली. आदेश चूक होता की बरोबर, हे कोणी पाहिलेलंच नसतं. केस हरल्याचं दुःख असतंच, पण न ऐकताच संपल्याचं मला जास्त लागतं, कारण बरेचदा ते टाळता आलं असतं.

मुख्य घोळ मागणीच्या कलमात असतो. शेवटी एकच ओळ लिहिलेली असते: ‘निलंबन आदेश रद्द करावा.’ खात्यानं आदेश मागे घेतला की मागणी संपली. मग निर्वाह भत्ता वजा जाता राहिलेला पगार, हुकलेली वेतनवाढ, ज्येष्ठता यांचं काय? राज्य सरकारी कर्मचाऱ्याचा निलंबनकाळ कर्तव्यकाळ धरायचा की नाही, हे महाराष्ट्र नागरी सेवा (पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा आणि निलंबन, बडतर्फी व सेवेतून काढून टाकणे यांच्या काळातील प्रदाने) नियम, १९८१ मधल्या नियम ७२ खाली ठरतं. तेव्हा पहिल्याच दिवशी जोडा: ‘आणि निलंबनकाळ सर्व प्रयोजनांसाठी कर्तव्यकाळ धरून फरकाची रक्कम द्यावी.’ पदोन्नतीच्या प्रकरणात मानीव दिनांक (पदोन्नती ज्या तारखेपासून मिळाली असं धरायचं ती तारीख) मागा, सोबत वेतननिश्चिती आणि पेन्शनचा फरकही. एवढं लिहिलेलं असलं, तर तुम्ही निवृत्त झालात म्हणून वाद संपत नाही.

दुसरी चूक घरीच होते. बडतर्फीचा आदेश हातात पडतो, बदली होते, निवृत्तीची तारीख येते आणि वकिलांना कोणी फोनच करत नाही. नवा आदेश आला की लगेच दुरुस्ती अर्ज देऊन त्यालाही आव्हान द्या. जुन्या आदेशावर भांडत बसलात तर नवा तसाच कायम राहतो.

भरतीच्या वादात निवड झालेल्या उमेदवारांना पक्षकार करा. स्थगिती मिळाली नाही, तरी ‘नियुक्त्या याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहतील’ एवढा अंतरिम आदेश मागाच. तो नसेल तर पदं भरली जातात आणि तुमच्यासाठी जागाच उरत नाही.

याचिकाकर्त्याचा मृत्यू झाला, तर थकबाकीसाठी वारसांनी वेळेत नावं लावून घ्यावीत.

आणि ‘मागे घेतो’ म्हणण्याआधी थांबा. नव्यानं दाद मागण्याची मुभा न घेता रिट याचिका मागे घेतली, तर त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात पुन्हा रिट करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयानं १९८६ मध्ये सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात हे स्पष्ट केलं आहे. निष्फळ म्हणून निकाली निघतानाही ‘उरलेल्या मागण्यांची मुभा राखून’ हे शब्द आदेशात यावेत, असा आग्रह वकिलांकडे तिथल्या तिथे धरा.

याचिका आधीच निकाली निघाली असेल, तर प्रमाणित प्रत काढून हेच शब्द शोधा. सापडले, तर थकीत रकमेसाठी आधी खात्याकडे लेखी अर्ज करा आणि पोच घ्या. मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायचं असेल, तर १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यातल्या कलम २१ ची एक वर्षाची मुदत कुठल्या तारखेपासून धरायची, हे त्याच आठवड्यात वकिलांकडून पक्कं करून घ्या.