लांब पल्ल्याच्या नेमबाजीसाठी रायफल जुळवताय? या चुका टाळा

१०० मीटरवर पाचही गोळ्या एका नाण्याखाली झाकल्या जातात आणि तीच रायफल ८०० मीटरवर लक्ष्याच्या चौकटीतही गोळी घालत नाही. बहुतेक वेळा रायफलमध्ये दोष नसतो. सामान उलट्या क्रमाने घेतलेलं असतं: आधी रायफल, मग उरलेल्या पैशांत स्कोप (नेम धरायची दुर्बीण), आणि माउंट (स्कोप रायफलवर धरून ठेवणारी पकड) जे मिळेल ते. क्रम असा हवा: अंतर आणि स्पर्धेचे नियम, त्याला साजेशी गोळी, त्या गोळीला लागणारी बॅरल (नळी), मग स्कोप आणि माउंट.

नियम न वाचता कॅलिबर ठरवणं

एफ-क्लास या लांब पल्ल्याच्या स्पर्धाप्रकारातल्या एफ-टीआर गटात .२२३ रेमिंग्टन आणि .३०८ विंचेस्टर ही दोनच काडतुसं चालतात. बायपॉड (पुढचे दोन टेकू) आणि स्कोप धरून वजन ८.२५ किलोच्या आत लागतं. ओपन गटात मर्यादा १० किलो आहे. मझल ब्रेक (धक्का कमी करणारा, नळीच्या तोंडावरचा भाग) दोन्ही गटांत चालत नाही. ६.५ क्रीडमूर हे काडतूस आणि ब्रेक घेऊन एफ-टीआरला गेलात तर रायफल कितीही चांगली असली तरी उपयोग नाही.

नियमांची अडचण नसेल तर ताकदीपेक्षा गोळीचा आकार पाहा. साधारण हवामानात, १०० मीटरच्या झिरोवरून (नेम धरला तिथेच गोळी पडावी अशी जुळणी) १००० मीटरसाठी .३०८ च्या १७५ ग्रेन (गोळीच्या वजनाचं माप) गोळीला सुमारे १४ मिल (कोनाचं माप, १ मिल म्हणजे १०० मीटरवर १० सेंटिमीटर) चढवावे लागतात, तर ६.५ क्रीडमूरच्या १४० ग्रेन गोळीला सुमारे १०. सेकंदाला ४ मीटर वेगाच्या आडव्या वाऱ्यात पहिली साधारण ३ मीटर सरकते, दुसरी २ मीटर. अंतर मोजता येतं, वारा मात्र अंदाजानेच वाचावा लागतो, म्हणून हा एक मीटरचा फरक मोठा आहे. मॅग्नम म्हणजे जादा दारूच्या मोठ्या काडतुसाचा धक्का शिकणाऱ्याला चाप ओढतानाच दचकायला लावतो, शिवाय बॅरल लवकर झिजते. सुरुवात त्याने करू नये.

ट्विस्ट आणि गोळी यांचा मेळ नसणं

ट्विस्ट म्हणजे बॅरलच्या आतल्या खाचांचा पीळ. १:८ म्हणजे ८ इंचांत गोळीचा एक पूर्ण फेरा. गोळी जितकी लांब, तितका जलद फेरा लागतो. खरा संबंध लांबीशी आहे. वजन हा त्याचा ढोबळ अंदाज. ६.५ मधल्या १४० ग्रेनला १:८ हवा. .२२३ च्या १:१२ बॅरलमध्ये ५५ ग्रेन सुरेख चालते, पण त्यात ७७ ग्रेन घातली तर ती डोलते आणि कागदावर गोल भोकाऐवजी आडवं, लांबट भोक पडतं. असं भोक दिसलं की स्कोपला हात लावू नका, गोळी बदला.

स्कोपमध्ये उंची पुरेल का, हे न मोजणं

सगळ्यात जास्त पैसे इथे वाया जातात. लोक झूम बघतात, टरेटचा (नेम वर-खाली करायच्या गोल बटणाचा) एकूण प्रवास बघत नाहीत. एकूण २० मिल प्रवासाच्या स्कोपमध्ये सपाट रेलवर (माउंट जिच्यावर बसतं ती रायफलवरची पट्टी) झिरो केल्यावर वर जायला जेमतेम १० मिल उरतात. .३०८ ला १००० मीटरसाठी १४ हवेत, म्हणजे टरेट मध्येच अडणार. २० एमओएचा (हेही कोनाचंच माप) उतार असलेली रेल लावली की सुमारे ५.८ मिल वाढतात आणि काम भागतं. पण उत्साहाने ४० एमओएची रेल लावली तर ११.६ मिल खाली यावं लागतं, खाली आहेत १०. आता १०० मीटरचा झिरोच मिळत नाही.

रेटिकल (स्कोपमधल्या नेमाच्या रेघा) मिलमध्ये आणि टरेट एमओएमध्ये असा स्कोप घेऊच नका. १ मिल म्हणजे ३.४४ एमओए, वारा बदलत असताना हा हिशेब डोक्यात होत नाही. अंतरं सतत बदलणाऱ्या स्पर्धेसाठी फर्स्ट फोकल प्लेन (रेटिकल झूमबरोबर लहान-मोठं होणारा स्कोप) बरा, कारण कुठल्याही झूमवर रेटिकलची मापं खरी राहतात. एकाच अंतरावर कागदी लक्ष्य असेल तर सेकंड फोकल प्लेनची, झूमने जाड न होणारी बारीक रेघ जास्त उपयोगी.

माउंट घाईत बसवणं

रायफल रिकामी आहे हे चेंबर (काडतूस बसतं ती जागा) बघून, बोट घालून तपासा, मगच पाना हातात घ्या. माउंट रेलच्या खाचेत नळीच्या तोंडाकडे दाबून धरा आणि मग आवळा. नाहीतर धक्क्याने ते पुढे सरकतं. रिंगच्या (माउंटच्या, स्कोपला वेढणाऱ्या कड्याच्या) वरच्या स्क्रूंना बहुतेक उत्पादक १५ ते १८ इंच-पाउंड, म्हणजे सुमारे २ न्यूटन-मीटर टॉर्क सांगतात. तुमच्या रिंगच्या कागदावरचा आकडा अंतिम. हाताच्या अंदाजाने आवळल्यास स्कोपची नळी चेपते आणि टरेट अडखळू लागतो. स्क्रू तिरप्या जोडीने, थोडे थोडे आवळा, दोन्ही बाजूंची फट सारखी ठेवा. शेवटी रेटिकल पुन्हा ओळंब्याशी ताडून बघा, कारण आवळताना स्कोप फिरतो. नेम धरताना रायफल फक्त १ अंश कलली, तरी १० मिल चढवलेली गोळी १००० मीटरवर साधारण १७ सेंटिमीटर बाजूला जाते. स्कोपवर छोटी लेव्हल लावा आणि ती रेटिकलशी जुळवा.

टरेटवर डोळे झाकून विश्वास

टेपने मोजून बरोबर १०० मीटरवर उंच कागद लावा. त्यावर ओळंब्याने उभी रेघ काढा, खालच्या खुणेवर झिरोने गोळ्या मारा. मग नेम तिथेच ठेवून १० मिल चढवा आणि पुन्हा मारा. दुसरा ग्रुप (गोळ्यांचा पुंजका) १०० सेंटिमीटर वर हवा. तो ९७ वर पडला तर बॅलिस्टिक अॅपने (किती मिल चढवायचे ते काढून देणाऱ्या अॅपने) सांगितलेले मिल १.०३ ने गुणा. ग्रुप रेघेपासून दोन-एक सेंटिमीटर बाजूला गेला, तर स्कोप सुमारे एक अंश तिरका बसला आहे. परत शून्यावर आणून मारलेल्या गोळ्या पहिल्या ग्रुपमध्येच पडल्या पाहिजेत. तसं झालं नाही तर स्कोप दुरुस्तीला द्या.

झिरो तीन गोळ्यांवर ठरवू नका. तीनचा ग्रुप योगायोगानेही सुंदर येतो; किमान दहा मारा आणि त्यांचा मध्य धरा.

बिघाड कुठे शोधायचा

१०० मीटरला छान आणि लांबवर ग्रुप उभा ताणला जातो: काडतुसांचा वेग एकसारखा नाही. १० मीटर प्रतिसेकंदाच्या फरकाने १००० मीटरवर सुमारे ३० ते ४० सेंटिमीटर उंची बदलते, म्हणून क्रोनोग्राफ (गोळीचा वेग मोजणारं यंत्र) लावून बघा. आडवा ताणला जातो: आधी वारा, मग पॅरॅलॅक्स (डोळा हलला की नेम सरकल्यासारखा दिसणं). रायफल स्थिर ठेवून डोकं किंचित हलवा. रेटिकल लक्ष्यावर सरकताना दिसलं तर स्कोपवरचं पॅरॅलॅक्सचं गोल बटण फिरवून ते थांबवा, त्यावरच्या आकड्यांवर जाऊ नका.

एकाऐवजी दोन वेगळे ग्रुप पडतात: अॅक्शन स्क्रू (रायफलची यंत्रणा, म्हणजे अॅक्शन, स्टॉकला जोडणारे) सैल आहेत किंवा बॅरल कुठेतरी स्टॉकला (रायफलच्या दस्त्याला) टेकते. कागदाची पट्टी बॅरलखालून अॅक्शनपर्यंत अडथळ्याविना सरकली पाहिजे. बायपॉडवर भार देऊनही तपासा, लवचीक प्लॅस्टिक स्टॉक तेव्हाच टेकतो. डोळ्यापुढे काळी चंद्रकोर येत असेल तर गालपट्टीची उंची किंवा स्कोपचं डोळ्यापासूनचं अंतर चुकलं आहे.

हे सगळं पाहूनही गोळ्या विखुरतच असतील, तर खात्रीचा दुसरा स्कोप लावून त्याच लॉटची (एकाच वेळी बनलेली) काडतुसं पुन्हा मारा. एका वेळी एकच गोष्ट बदला. स्कोप, काडतूस आणि टॉर्क एकदम बदलले आणि ग्रुप सुधारला, तर दोष कशात होता ते कधीच कळत नाही.