मंडई भाजीसाठी नाही, बघण्यासाठी जायचं असेल तर

एकदा तरी पिशवी न घेता पुण्याच्या महात्मा फुले मंडईत जा. पिशवी हातात असली की नजर मेथीच्या जुडीवर आणि भावावर राहते, वर बघायचं राहूनच जातं, आणि या बिल्डिंगची सगळी गंमत वर आहे.

मेट्रोने मंडई स्टेशनला उतरलात तर पार्किंगची कटकट नाही, शनिवार रविवारी तुळशीबागेच्या गर्दीत गाडी घालायच्या भानगडीत तर पडूच नका. सकाळी लवकर जा, तेव्हा ऊन तिरकं असतं आणि काळ्या दगडावर छिन्नीचे घाव स्पष्ट दिसतात. लगेच आत घुसू नका. आधी बाहेरून पूर्ण चक्कर मारा, मधला अष्टकोनी मनोरा, त्यावरचं टोकदार शिखर, आणि मनोऱ्यापासून चारी बाजूंना फुटलेल्या लांब पाख्या म्हणजे दालनं, त्यांच्यावर उतरती छपरं. टोकेरी कमानी, उंच शिखर ही विलायती गॉथिक पद्धत, पण दगड आपल्याच दख्खनचा बेसॉल्ट, वाड्यांच्या जोत्याला असतो तोच.

मग एखाद्या पाखीतून सरळ मधोमध चालत जा आणि मनोऱ्याच्या खाली उभं राहून मान वर करा. इथे दोन मिनिटं तरी थांबा, कोणी धक्का दिला तरी. अख्खा नकाशा इथूनच कळतो, सगळ्या वाटा इथेच येऊन मिळतात त्यामुळे कुठूनही शिरा, चुकायला होत नाही. छप्पर एवढं उंच नुसत्या थाटासाठी नाही केलेलं. माणसांची, मालाची ऊब वर चढते आणि उंचावरच्या झरोक्यांतून निघून जाते, खाली जाड दगडी भिंतींमुळे गारवा टिकतो. फ्रीज नसलेल्या काळात पालेभाजी दुपारपर्यंत तग धरायची तर हे सगळं लागणारच होतं. गाळ्यांकडे पण नीट बघा, विकणारा उंच ओट्यावर बसतो आणि माल त्याच्यापुढे उतरता रचलेला, म्हणजे चालता चालता गिऱ्हाईकाला सगळं दिसतं.

इतिहास थोडक्यात सांगते कारण तो माहीत असला की बघताना मजा येते. आधी भाजीबाजार शनिवारवाड्यासमोरच्या मैदानात उघड्यावर भरायचा. ही इमारत 1886 मध्ये सुरू झाली, बांधली वासुदेव बापूजी कानिटकरांनी, आणि तेव्हाचे मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड रे यांच्यावरून नाव पडलं रे मार्केट. नगरपालिकेचं ऑफिससुद्धा काही काळ इथेच वरच्या मजल्यावर होतं. आणि मला सगळ्यात महत्त्वाची वाटते ती गोष्ट म्हणजे जोतीराव फुले नगरपालिकेचे सदस्य असताना मार्केटवरच्या या खर्चाला त्यांचा विरोध होता, हा पैसा शिक्षणावर घाला असं त्यांचं म्हणणं. पुढे आचार्य अत्रे नगरपालिकेत असताना याच मार्केटला महात्मा फुल्यांचं नाव दिलं गेलं. मनोऱ्याखाली उभं राहून हे आठवा, इमारत सुंदर आहे हेही खरं आणि फुल्यांचा प्रश्नही खरा, मला तरी दोन्ही सोडवत नाहीत.

बाहेर टिळकांचा पुतळा आहे तो चुकवू नका, 1924 मध्ये मोतीलाल नेहरूंच्या हस्ते अनावरण झालं होतं. गणपतीत गेलात तर अखिल मंडई मंडळाचा शारदा गजानन बघालच, पण त्या दिवसांत बिल्डिंग बघणं विसरा, गर्दीत पाय ठेवायला जागा नसते.

महापालिकेच्या हेरिटेज यादीत असली तरी ही चालती मंडई आहे, म्युझियम नाही, हे फोटो काढणाऱ्यांनी कृपा करून लक्षात ठेवा. गाळ्यासमोर ट्रायपॉड लावून वाट अडवू नका, मावशींचा फोटो हवा असेल तर आधी विचारा. पलीकडच्या नवीन मंडईतही एक फेरी मारा, लगोलग दोन्हीकडे उभं राहिलात की छपराची उंची काय काम करते ते अंगावरच कळतं. आणि परत यायच्या आधी कोणत्याही जुन्या गाळेवाल्याशी बोला, धंद्याची घाई संपल्यावर, साधारण दुपारी, तेव्हा ते निवांत असतात आणि आजोबांच्या काळापासूनचं सांगतात.