विद्यापीठ हलवायची वेळ आली, तर आधी काय उचलायचं

कॉलेज किंवा विद्यापीठ जागेवरून उठायची पाळी आली, तर पहिल्या तासात बाकांकडे, संगणकांकडे, संस्थापकांच्या तसबिरीकडे बघत बसू नका. जनरल रजिस्टर आणि रिझल्ट लेजर उचला. बाकीचं पुन्हा घेता येतं. कोण कधी आलं, काय शिकलं, पास झालं की नाही, हे पुन्हा कुठून आणणार?

मी चिपळूणच्या एका कॉलेजातून कार्यालय अधीक्षक म्हणून निवृत्त झाले. युद्ध मी पाहिलेलं नाही. 22 जुलै 2021 चा वाशिष्ठीचा पूर पाहिला. त्यानंतर पुण्यात शिकवणाऱ्या माझ्या भाचीकडे काबूलची एक मुलगी आली. पदवी पूर्ण झालेली, आणि हातात एकही कागद नाही. तेव्हापासून परागंदा झालेल्या विद्यापीठांबद्दल मिळेल ते मी वाचत आले. त्या वाचनातून आणि ऑफिसच्या कामातून जे उमगलं ते आता नव्या प्राचार्यांसाठी आणि ऑफिसातल्या मुलींसाठी लिहिते आहे.

रजिस्टरं भिजलीच, तर उन्हात टाकू नका. पानं वाकडी होतात, चिकटतात. गाळ लागला असेल तर वही मिटलेलीच घट्ट धरून स्वच्छ पाण्याच्या हलक्या धारेखाली धरा, उघडू नका. पण नोंदी शाईपेनाच्या असतील तर धुवायचं नाही, शाई पळते. बॉलपेनचं अक्षर टिकतं. मग पंख्याखाली, थोड्या थोड्या पानांमध्ये कोरा कागद किंवा टीपकागद घालायचा आणि ओला झाला की बदलत राहायचं. छापील वर्तमानपत्र नको, त्याची शाई उतरते. आपल्या हवेत दोन दिवसांत बुरशी धरते. तेवढ्या वेळात सगळं वाळणार नसेल, तर वह्या प्लॅस्टिकच्या पिशव्यांत वेगवेगळ्या घालून गोठवा. गोठलेल्या कागदावर बुरशी वाढत नाही, सवडीने एकेक काढून वाळवता येतं. किनाऱ्यावर मासळीची कोल्ड स्टोरेजेस आहेत. त्यांच्या मालकांशी पावसाळ्याआधीच बोलून ठेवा, पूर आल्यावर फोन लागत नाहीत.

याहून बरं म्हणजे दर सत्राअखेरीस लेजर स्कॅन करून एक प्रत दुसऱ्या जिल्ह्यात ठेवणं. आणि जिथे माणसांच्या जिवाला धोका आहे तिथे प्रत देशाबाहेरच हवी. 2021 च्या ऑगस्टमध्ये तालिबान काबूलमध्ये शिरले, तेव्हा कित्येक मुलींनी स्वतःची प्रमाणपत्रं स्वतःच्या हाताने जाळली. घरात सापडली असती तर जिवावर बेतलं असतं. म्हणून दोन याद्या वेगळ्या ठेवा: गुणांची नोंद एकीकडे, पत्ते-फोन-फोटो दुसरीकडे, कुलपात. मागे राहिलेल्यांचे चेहरे संस्थेच्या पानावर कधीही टाकू नका, कितीही अभिमान वाटला तरी.

दुसरं काम अधिकाराचं. कुलगुरू पकडले गेले, हद्दपार झाले, तर सही कोणाची? हे लेखी ठरलेलं असावं, आणि एकापाठोपाठ तीन नावं असावीत. पॅलेस्टाईनच्या बीरझैत विद्यापीठाचे अध्यक्ष, म्हणजे आपल्याकडचे कुलगुरू, हना नासिर यांना इस्रायलने नोव्हेंबर 1974 मध्ये लेबनॉनला हद्दपार केलं. ते 1993 मध्ये परतले. मधली सगळी वर्षं ते अम्मानहून अध्यक्ष राहिले आणि जागेवरचा कारभार त्यांचे सहकारी गाबी बरामकी यांनी कार्यकारी अध्यक्ष म्हणून पाहिला. जानेवारी 1988 ते एप्रिल 1992 तर विद्यापीठ लष्करी हुकमाने बंदच होतं. तेव्हा वर्ग लोकांच्या घरांत भरले. नासिर भौतिकशास्त्राचे माणूस, पण कुलगुरूने लांबून काय करावं आणि काय सोडून द्यावं हे त्यांच्याकडून शिकावं. पैसा उभा करणं, जगाशी बोलणं हे बाहेरच्याने करायचं. आज वर्ग भरवायचा की मुलांना घरी पाठवायचं, हा निर्णय गोळीच्या टप्प्यात उभ्या असलेल्याचा. त्यात बाहेरून ढवळाढवळ नको.

घरातल्या वर्गांना हजेरी लागतेच. साधी दोन रुळांची वही चालेल. तारीख, विषय, शिक्षकाची सही, मुलांचे फक्त क्रमांक. हीच वही पुढे पदवीचा पुरावा ठरते.

युक्रेनचं दोनेत्स्क विद्यापीठ 2014 मध्ये लढाईमुळे विनित्सिया शहरात गेलं. जुन्या इमारतींत मात्र रशियाच्या बाजूच्या लोकांनी त्याच नावाने विद्यापीठ चालू ठेवलं. एका नावाची दोन विद्यापीठं! अशा वेळी ‘ही पदवी खरी का’ असं विचारणारं परदेशातलं पडताळणीचं पत्र कोणाकडे जायचं? इमारत ज्याच्याकडे त्याच्याकडे नव्हे, तर ज्या शिक्क्याला देशाचं शिक्षण खातं मानतं त्याच्याकडे. म्हणून स्थलांतराचा सरकारी आदेश निघाल्याशिवाय नव्या पाटीवर रंग लावू नका. विनित्सियातल्या विद्यापीठाला 2016 मध्ये वासिल स्तुस यांचं नाव मिळालं. दोनेत्स्कलाच शिकलेले हे कवी सोव्हिएत छावणीत वारले होते. परक्या गावात मुलांना सांगायला आपला माणूस हवा असतो.

आता मला सर्वांत जवळचं वाटणारं उदाहरण. सामधोंग रिन्पोछे हे तिबेटी बौद्ध भिक्षू आणि विद्वान 1959 मध्ये तिबेट सोडून भारतात आले. अहिंसा आणि सत्याग्रह हाच त्यांच्या चिंतनाचा विषय. सारनाथची तिबेटी उच्च शिक्षण संस्था 1967 मध्ये सुरू झाली, ती वाराणसीच्या संस्कृत विद्यापीठाच्या छायेत. 1971 मध्ये ते प्राचार्य झाले, पुढे संचालक, आणि 2001 पर्यंत तिथेच राहिले. 1977 मध्ये संस्था स्वायत्त झाली, 1988 मध्ये अभिमत विद्यापीठ. यात शिकण्यासारख्या दोन गोष्टी आहेत. आधी यजमानाच्या शिक्क्याखाली राहा, कमीपणा मानू नका. आणि यजमानाला काही द्या. भारतात हरवलेले संस्कृत ग्रंथ तिबेटी भाषांतरांवरून पुन्हा संस्कृतात आणायचं काम सारनाथने केलं. अशी संस्था ओझं वाटत नाही.

शांतता-अभ्यासातले नॉर्वेचे विचारवंत योहान गाल्टुंग यांचा एक भेद इथे रोज उपयोगी पडतो: नुसता हिंसेचा अभाव वेगळा आणि खरी शांतता वेगळी. गोळीबार मागे राहिला म्हणून मुलगा सुखात नसतो. खोली नाही, मेसचे पैसे नाहीत, घरून फोन नाही. ब्रह्मदेशाचा राज्य गमावलेला राजा थिबा, त्याला रत्नागिरीला इंग्रज सरकारने 1910 मध्ये राजवाडा बांधून दिला, पेन्शन दिली, पण ब्रह्मदेश दिला नाही आणि काहीच काम दिलं नाही. 1916 मध्ये तो तिथेच वारला. तुमच्या मुलांना आणि शिक्षकांना पहिल्या आठवड्यातच काम द्या. शिकवणं जमत नसेल तर याद्या करायला बसवा, स्वयंपाकघरात हात लावू द्या.

शिक्षकांच्या बैठकीत भांडणं होणार. कोणाचा भाऊ गेलेला असतो, कोणाचा शत्रूकडून लढत असतो. नियम दोनच: ज्याचं माणूस गेलं त्याला आधी बोलू द्यायचं, मध्ये कोणी बोलायचं नाही, आणि रागाच्या भरात झालेला ठराव दुसऱ्या दिवशी पुन्हा वाचूनच इतिवृत्तात चढवायचा. नेत्याने शेवटी बोलावं. कामाला मात्र पहिलं लागावं. कणकवलीच्या गोपुरी आश्रमात गांधीवादी अप्पासाहेब पटवर्धन स्वतः संडास साफ करायचे, म्हणून लोक त्यांचं ऐकायचे.

पडताळणीची पत्रं कधी पडून राहू देऊ नका. एक माणूस फक्त त्यासाठी नेमा, एकच ईमेल ठेवा, आणि उत्तर दोन दिवसांत जाऊ द्या. भाचीच्या विद्यार्थिनीला काबूलहून असं एक उत्तर आलं असतं, तर तिचा प्रवेश वर्षभर अडला नसता.