अ‍ॅस्परॅगस पिवळं पडत होतं, पाणी कमी केल्यावर सुधारलं

न्यू जर्सीत आमच्या बॅकयार्डात अ‍ॅस्परॅगस (कोवळे कोंब खातात ती भाजी, एकदा लावली की वर्षानुवर्षं येते) आहे, लावून दुसरंच वर्ष, आणि जूनमध्ये खालून पिवळं पडायला लागलं. बघेल तो म्हणणार पाणी घाला. पण वीतभर उकरलं तर माती चिकट, गार आणि कुबट वास! लॉनचा स्प्रिंकलर रोज पहाटे थोडं थोडं उडवायचा, त्यात इकडची चिकणमाती, मग पाणी जिरणार कुठे. तो नोझल बंद केला, बाजूने चर काढला, कंपोस्ट घालून वाफा उंच केला आणि ड्रिप टाकली. आता आठवड्याला साधारण एक इंच पाणी, तेही एकदोनदाच पण भरपूर, पाऊस झाला की तेवढं कमी. नवीन कोंब हिरवेगार आलेत.

बाकी, पहिली दोन वर्षं कोंब तोडायचे नाहीत म्हणजे नाहीत, कितीही मोह होवो. न तोडलेल्या कोंबांचा नंतर शतावरीसारखा झुपका होतो, तोही हिरवा असेपर्यंत कापू नका, मुळांना खाऊपिऊ तोच घालतो. थंडीत पूर्ण वाळला की कापा. आणि कोंबांवर काळे बारीक काड्यांसारखे उभे ठिपके दिसले तर ती बीटल किड्याची अंडी, बोटाने चिरडून टाकायची.